चिंचेचा नवस

फार पूर्वीची गोष्ट. इतकी पूर्वीची, की तेव्हा खोटं बोलायचं तरी माणसाला दुसऱ्याच्या दारापर्यंत चालत जावं लागे. आता बसल्या जागी होतं. पण ते असो.

एका डोंगराच्या पायथ्याला एक गाव होतं आणि डोंगरावर त्या गावाची देवी. देवी वर आणि गाव खाली, हे दोघांनाही सोयीचं होतं. वर्षातून एकदा, माघात, देवी पालखीत बसून खाली यायची, गावकऱ्यांची घरं बघायची, नाक मुरडायची आणि पायऱ्यांनी पुन्हा वर जायची. तिला वर पोचवायला पालखीपुढे वाजंत्री लागत. वाजंत्री म्हणजे माणसं तीनच.

पहिले तात्या. सनई वाजवायला तात्या आणि बाकीच्यांनी ऐकायला, अशी गावाची वाटणी फार वर्षांपासून झालेली होती. दुसरे नागूमामा. त्यांच्या कमरेला संबळ आणि तोंडाला टाळं नाही. तिसरा हैबती.

हैबती हे नाव ऐकून भलाथोरला गडी डोळ्यांसमोर आणू नका. शेवग्याच्या शेंगेला धोतर नेसवलं की झाला हैबती. त्याच्याही हातात सनईच असायची, पण त्याचं काम सूर धरायचं. तात्यांनी चाल वाजवावी आणि ह्यानं मागे एकच सूर धरून ठेवावा: पीं. वर जायचं नाही, खाली यायचं नाही, थांबायचं तर नाहीच नाही. नाकानं श्वास घ्यायचा, गालात साठवायचा आणि गालातला सोडता सोडता पुन्हा नाकानं घ्यायचा. लग्नात एकदा हा सूर लागला, की वरपक्ष जेवून, हात धुवून, रुसून, समजूत पटून परत मांडवात येईपर्यंत तो तसाच चालू. गंमत अशी, की चालू असताना तो कुणालाच ऐकू येत नाही. बंद पडला की सगळ्यांना कळतं. घरच्या बाईचंही तसंच असतं. (हे वाक्य घरी मोठ्यानं वाचा, एक भाकरी जास्त मिळेल.)

तर हैबतीला ह्या पींचा वैताग आला होता. तात्यांच्या शेजारी बसून बसून त्याला सगळ्या चाली पाठ झाल्या होत्या. माळावर जाऊन तो शेळ्यांपुढे त्या वाजवायचा, आणि खरं सांगायचं तर बरा वाजवायचा. शेळ्या उठून जात नसत. गावात मात्र त्याला कुणी हैबती म्हणत नसे. पोरंसोरंसुद्धा "ए पींपीं" म्हणून हाक मारायची.

खोड एकच होती. वाजवताना ह्याचे डोळे स्वस्थ बसायचे नाहीत. कोण मान डोलावतंय, कोण जांभई देतंय, कुणाच्या ताटात किती जिलब्या पडल्या, सगळं बघायचं. कुणी मान डोलावली की ह्याचा सूर फुगायचा. कुणी उठून गेलं की सूर त्याच्या मागे मांडवाच्या दारापर्यंत जाऊन यायचा.

तात्या म्हणायचे, "अरे, डोळे मीट. डोळ्यांचं काय काम आहे ह्यात?"

"डोळे मिटले तर लोक आहेत का गेले, कसं कळणार तात्या?"

"कळून काय करणार आहेस? हाताला धरून बसवणार आहेस त्यांना?"

उत्तर नसलं की माणूस समोरच्याला म्हातारा समजायला लागतो. हैबतीनंही तेच केलं.

आता खरी अडचण सांगतो. नागूमामांना एक मुलगी होती, ठकू. हैबतीचा जीव तिच्यावर होता. तिचाही थोडा होता, पण ती सांगत नव्हती, कारण सांगितलं की हा आणखी शेफारेल हे तिला ठाऊक होतं. एके दिवशी धीर करून हैबती मामांच्या ओसरीवर गेला.

"मामा, ते ठकूचं..."

"ठकूचं काय?"

"म्हणजे, मी आहेच."

"तू आहेस ते मलाही दिसतंय. करतोस काय?"

"सनई वाजवतो."

"सनई तात्या वाजवतो. तू पीं करतोस. उद्या नातवंडं झाली की पाळण्यापुढे बसून काय करशील? पीं? त्या शेजारगावच्या ताशेवाल्याकडून ठकूला मागणं आलंय. कानठळ्या बसवतो मेला, पण चार माणसांना ऐकू तरी येतो."

आतून ठकू ओरडली, "बाबा, मला कुणी विचारलंय का?"

"तुला विचारलं की तू बोलतेस, म्हणून नाही विचारलं!" मामा हैबतीकडे वळले. "हे बघ. यंदाच्या जत्रेत पालखीपुढे तुझी सनई वाजली, तर ठकू तुझी. नाहीतर ताशा."

हैबती घरी आला आणि आढ्याकडे बघत पडून राहिला.

पालखीपुढे सनई वाजवायची, म्हणजे तात्यांनी बाजूला व्हायला हवं. तात्या तर ठणठणीत. पण त्या गावात एक जुना रिवाज होता. पालखी पायथ्यावरून निघाली, की वरच्या दारापर्यंत सनई तुटू द्यायची नाही. तुटली, की भोई पालखी तिथंच टेकवायचे. ज्यानं तोडली, त्यानं आपली सनई देवीपुढे ठेवायची आणि पुन्हा कधी पालखीपुढे यायचं नाही. आणि पालखी टेकलेली असताना जो सगळ्यांत आधी वाजवायला लागेल, त्याचा पुढचा मान. रिवाज होता खरा, पण तात्यांनी जन्मात सनई तोडली नव्हती, त्यामुळे तो नुसता सांगण्यापुरता उरला होता.

पडल्या पडल्या हैबतीला एका लग्नातली गोष्ट आठवली. नवरीकडच्या पोरांनी सनईवाल्यांच्या समोर बसून चिंचा खायला सुरुवात केली होती. आता तुम्हीच सांगा, समोरचा माणूस मीठ लावून चिंच चोखतोय आणि एक डोळा मिटून "स्स" करतोय, तर तुमच्या तोंडाला काय होईल? हे वाचतानासुद्धा झालंच ना? पुसा आधी. सनईची पत्ती ओठांत धरायची असते. तोंडाला पाणी सुटलं की ओठ सुटतात, पत्ती भिजते आणि सनई बदकासारखी ओरडते. त्या लग्नात पोरांना वेळीच हाकलून लावलं, म्हणून लग्न लागलं.

हैबती उठून बसला. मनाला थोडं टोचलं. पण मनाची समजूत घालण्यात तो नागूमामांच्याही वरताण होता. "तात्यांचं वय झालंय. किती दिवस पायऱ्या चढवायच्या त्यांना? एकदा सुटले तर आशीर्वादच देतील." असं म्हणून त्यानं तात्यांच्या वतीनं स्वतःला आशीर्वाद देऊनही टाकला.

दुसऱ्या दिवशी तो पाणवठ्यावर भागाकाकूंना गाठून म्हणाला, "काकू, कुणाला सांगू नका. देवीचा दृष्टान्त झालाय. पालखी मधल्या वळणावर येईल तेव्हा जो उभा राहून गाभुळलेली चिंच खाईल, त्याचा नवस फळेल."

"दृष्टान्त झाला कुणाला?"

"ते सांगायची मनाई आहे."

काकूंना ते पटलं. ज्या गोष्टीचं मूळ सांगायची मनाई असते, ती लोकांना लगेच पटते. भागाकाकू कुणालाही सांगणार नव्हत्या. पाणवठ्यावरून घरापर्यंत जेवढी दारं लागली, तेवढ्याच दारांत त्यांनी सांगितलं.

संध्याकाळी ठकू त्याला वाटेत आडवी आली. संबळवाल्याची लेक ती. चिंच आणि सनई ह्यांचं वैर तिला दूध पिताना कळलेलं.

"हैबती, हे चिंचेचं काय रे? मी भागाकाकूंना दटावून विचारलं. त्यांनी तुझं नाव घेतलं."

"देवीची इच्छा," हैबती आभाळाकडे बघत म्हणाला.

"तात्यांच्या तोंडासमोर चिंच, ही देवीची इच्छा?"

"देवीचं आपल्याला काय कळतंय, ठकू?"

"बरं," ठकू म्हणाली. "मग मलाही नवस करायलाच हवा. मीही येते."

तिनं हे इतक्या गोड आवाजात म्हटलं, की शहाणा माणूस त्याच दिवशी गाव सोडून गेला असता. हैबती शीळ घालत घरी गेला.

जत्रेचा दिवस उजाडला. हैबतीनं बेत पक्का केला होता. मधलं वळण आलं की आपण मान खाली घालून पायाच्या अंगठ्याकडे बघायचं. तात्यांची सनई बदकासारखी ओरडली, की आपण चाल उचलायची.

पायथ्याशी आरती झाली. भोयांनी पालखी उचलली. नागूमामांनी संबळावर काठी टाकली, हैबतीनं सूर धरला, तात्यांची सनई सुरू झाली. पहिल्या पायरीवर पाय ठेवता ठेवता हैबतीनं वर बघितलं.

नवस वाढला होता. घरोघरी फिरता फिरता प्रत्येकानं त्यात आपलं थोडं थोडं घातलं होतं. मधलं वळणच का, सगळ्याच पायऱ्या देवीच्या, असं पाटलीणबाई म्हणाल्या होत्या. नुसती चिंच काय, मीठ-तिखट हवं, असं भागाकाकूंनी जोडलं होतं. आवाज न करता खाल्ली तर फळत नाही, ही भर कुणाची ते शेवटपर्यंत कळलं नाही. आता पायथ्यापासून कळसापर्यंत, दोन्ही बाजूंना, अख्खं गाव चिंचा घेऊन उभं होतं. म्हातारी माणसं होती. तान्ही होती, त्यांच्या ओठांना नुसतं बोट लावलं होतं. पाटील फेट्यासकट होते. शाळेचे मास्तर होते, आणि ते "माझा विश्वास नाही बरं का" म्हणत चिंचेचा दुसरा आकडा सोलत होते. स्स, चक्, स्स, चक्. सगळा डोंगर चोखत होता.

हैबतीनं अंगठ्याकडे बघितलं. पण चढावर अंगठ्याकडे बघून चालणारा माणूस पुढच्याच्या पाठीवर आदळतो. त्यानं आकाशाकडे बघितलं, तर चिंचेच्या झाडावर बसलेलं एक पोर दिसलं. जिभेखाली झरा फुटला. गालात श्वास साठवावा, तर तिथं आधीच पाणी. त्यानं गिळलं. सूर जरा हलला. पुन्हा गिळलं.

आणि तात्या? तात्यांची सनई तुपातल्यासारखी चालली होती. हैबतीनं वळून पाहिलं. तात्यांचे डोळे घट्ट मिटलेले होते. पाय पायऱ्या ओळखत होते, बोटं चाल ओळखत होती.

इतकी वर्षं त्यांच्या शेजारी बसून हैबतीनं प्रत्येक मांडवातलं प्रत्येक तोंड पाहिलं होतं. तात्यांचं तेवढं पाहायचं राहून गेलं होतं.

मधलं वळण आलं. हैबतीला वाटलं, निदान ठकू तरी दिसेल, तिच्याकडे बघू आणि तग धरू. ठकू दिसली. अगदी पुढे, कठड्यावर बसली होती. तिनं ह्याच्या डोळ्यांत डोळे घातले, एक लांबच लांब चिंच तिखटमिठात घोळवली, तोंडात घातली, एक डोळा मिटला, खांदे कानापर्यंत नेले आणि म्हणाली, "स्स्स् हा!"

"प्वँक," हैबतीची सनई म्हणाली.

मग ती काहीच म्हणाली नाही. हनुवटीवरून धार लागली. मागचा सूर गेला म्हणून तात्याही थांबले. लोक चिंचेत गुंग होते. त्यांना एवढंच कळलं, की सनई थांबली. आधी कोण थांबलं, हे पालखीपुढच्या तिघांनाच ठाऊक आणि चौथ्या ठकूला. भोयांनी पालखी टेकवली.

पाटील पुढे आले. त्यांचे दात इतके आंबले होते, की शब्द चावता येत नव्हते. "कोणी... स्स... कोणी तोडली सनई?"

नागूमामांनी तोंड उघडलं आणि आयुष्यात पहिल्यांदाच काही न बोलता मिटलं.

"मी तोडली," तात्या म्हणाले.

डोळे अजून मिटलेलेच होते. "वय झालं पाटील. दम पुरला नाही. आता पुढची चाल हैबतीनं उचलावी." असं म्हणून ते खाली बसले आणि सनई ठेवायला हातानं पायरी चाचपू लागले.

बघा आता. हैबतीला जे जे हवं होतं, ते सगळं ताटात वाढून समोर आलं होतं. तात्या बाजूला, मान ह्याचा, ठकू ह्याची. चोरी करायला गेलेल्या माणसाला घरधन्यानंच गाठोडं बांधून द्यावं, तसं झालं होतं. फक्त सनई ओठाला लावायची होती.

पण तात्यांचा हात पायरी चाचपत होता. सनई ठेवायला त्यांना जागा सापडत नव्हती, कारण ती खाली ठेवायची त्यांच्या हाताला सवयच नव्हती.

"नाही," हैबती म्हणाला. म्हणजे तोंडातलं पाणी उडालं आणि त्यातून "नाही" असं ऐकू आलं. त्यानं बाहीनं तोंड पुसलं. "मी तोडली. तात्यांनी नाही. आणि हा चिंचेचा नवस खोटा आहे. मीच उठवला. तात्यांच्या तोंडाला पाणी सुटावं म्हणून."

डोंगराचं चोखणं थांबलं. मग भागाकाकू पुढे आल्या.

"खोटा कसा रे? माझा गुडघा सकाळपासून दुखत नाही."

"काकू, तो नवस मी..."

"पाटलांची म्हैस कालच व्याली!" गर्दीतून कुणीतरी म्हणालं.

"ती व्यायचीच होती!"

"तुला काय माहीत?"

"अहो, नवस मी बनवलाय!"

"देवीनंच तुझ्या तोंडून वदवला असेल," भागाकाकू म्हणाल्या. "एरवी तुझ्या तोंडून पीं सोडून दुसरं काय निघतं?"

हे सगळ्यांना पटलं आणि सगळे पुन्हा चोखायला लागले. मास्तरांनी तिसरा आकडा सोलला.

पाटील कपाळ चोळत उभे राहिले. "ह्या पायऱ्यांवर मानासाठी भांडणारे पुष्कळ बघितले. दोघं जण... स्स... चुकीसाठी भांडताना आजच बघतोय. हा म्हणतो मी, तो म्हणतो मी. देवी बसू दे निवाड्याला, तिच्या दातांना काही झालेलं नाही. तुम्ही वाजवा लवकर, पालखी भुईवर बरी दिसत नाही."

तात्या सनई घेऊन उठले. "मागे सूर असल्याशिवाय मला चाल उचलता येत नाही. हैबती, सूर."

"तात्या, सगळे खातायत हो!"

"मला काय वास येत नाही? पायथ्यापासून येतोय. गीळ, डोळे मीट आणि धर."

हैबतीनं गिळलं. डोळे मिटले. आधी जिवाची तगमग झाली. अख्खं गाव समोर आणि आपल्याला एक माणूस दिसत नाही! मग त्यानं सूर धरला. पालखी उठली. पायऱ्या पायांना हळूहळू सापडू लागल्या. चिंचेचा वास मागे पडला आणि शेजारून तात्यांची सनई ऐकू आली. ती तो रोज ऐकत होता, पण एक कान लोकांच्या वाहवेकडे असायचा. आज दोन्ही कान मोकळे होते. चालीत कुठे थांबायचं, कुठे नुसतं टेकून पुढे जायचं, हे पहिल्यांदाच कळत होतं.

किती वेळ गेला कुणास ठाऊक. शेवटच्या चढावर हैबतीला काहीतरी वेगळं वाटलं. सूर जाड झाला होता. त्याच्या पींला दुसरी पीं येऊन मिळाली होती आणि चाल कुठेच नव्हती. त्याला क्षणभर काही उमजेना. मग उमजलं. तात्यांनी सूर धरला होता. चालीची जागा मोकळी सोडली होती.

हैबतीची बोटं उचलली गेली. माळावर शेळ्यांना ऐकवलेली ती चाल तात्यांच्या सुरावर बसली आणि वर निघाली. लोक मान डोलावतायत का जांभया देतायत, हे बघायचं त्याला त्या वेळी सुचलंच नाही.

संबळ थांबला तेव्हा त्यानं डोळे उघडले. समोर एकसुद्धा माणूस नव्हता. पालखी केव्हाच आत गेली होती आणि सगळं गाव प्रसादाच्या रांगेत एकमेकांना ढकलत होतं. देवळाच्या चौकात तात्या, नागूमामा, कठड्यावरून उठून मागोमाग आलेली ठकू आणि एक शेळी, एवढेच होते. जन्मात पहिल्यांदा हैबतीनं पालखीपुढे चाल वाजवली आणि ती बघायला कुणी नव्हतं.

पाटील प्रसाद खात बाहेर आले. गोड खाल्ल्यावर त्यांचे दात जागेवर आले होते. "काय हो नागूमामा, आज शेवटी तात्या जरा तरणे झाल्यासारखे वाजले."

"ते तात्या नव्हते," नागूमामा म्हणाले.

"मग कोण?"

मामांनी हैबतीकडे वरपासून खालपर्यंत बघितलं. हनुवटीवर अजून ओल होती. "आमचे जावई आहेत ते," मामा म्हणाले.

"बाबा, आता तरी मला विचारा!" ठकू म्हणाली.

"बोल बाई, बोल."

"चालेल मला. पण ह्यानं वाजवायचं ते डोळे मिटूनच. उघडे असले की गळतो."

देवीनं निवाडा काही दिला नाही, म्हणून पुढच्या वर्षापासून पालखीपुढे चाल हैबतीची आणि मागे सूर तात्यांचा, असं ठरलं. तात्या म्हणायचे, "ह्या वयात एकच सूर बरा. विसरायची भीती नाही." पण चिंचेचा नवस काही गेला नाही. हैबती दरवर्षी जत्रेआधी दारोदार फिरून सांगायचा, की बाबांनो, हा नवस खोटा आहे, माझं डोकं आहे ते. लोक प्रेमानं ऐकून घ्यायचे, "भक्त आहे बिचारा, मोठेपणा घेत नाही," असं म्हणायचे आणि जास्त चिंचा पाडून ठेवायचे. मग माघात हैबती डोळे मिटायचा, तोंडातलं पाणी गिळायचा आणि आपणच पेरलेल्या त्या आंबट डोंगरातून देवीला वर घेऊन जायचा. मधल्या वळणावर ठकू बसलेली असायचीच.

तात्पर्य: वाजवणाऱ्यानं लोकांच्या तोंडाकडे बघू नये, त्यात काय असेल सांगता येत नाही. आणि एवढं ऐकूनही कुणाला खोटा नवस उठवायचाच असेल, तर निदान गुळाचा उठवावा.